माजी सैनिकाचे मानपत्र: आधी ऐका, मग लिहा

ऑगस्टचा पहिला आठवडा उजाडला की माझा फोन वाजू लागतो. "बाई, पंधरा ऑगस्टला गावातल्या फौजींचा सत्कार ठेवलाय, तेवढं मानपत्र लिहून द्या." मी विचारते, कोणत्या दलात होते? "मिल्ट्रीत." हुद्दा? "चांगला मोठा होता म्हणतात." पेन्शनीवर कधी आले? "विचारून सांगतो." आणि कार्यक्रम परवावर आलेला असतो.

मग गेल्या वर्षीच्या मानपत्रातले नाव खोडून नवे नाव घातले जाते. "ऊन, वारा, पाऊस यांची तमा न बाळगता" हे वाक्य सोलापूर जिल्ह्याच्या किती गावांत वाचले गेले असेल, देव जाणे. ज्याचा सत्कार आहे तो माणूस शाल पांघरून खाली मान घालून ऐकत बसतो. त्याच्या आयुष्यातली पंधरा-वीस वर्षे त्या कागदात कुठेच नसतात.

हे टाळता येते. त्यासाठी मोठा लेखक असावे लागत नाही. हाताशी पंधरा दिवस हवेत, एक वही हवी आणि कामांचा क्रम नीट हवा. आपल्याकडे बहुतेक चुका क्रमाच्या होतात: मजकूर आधी लिहिला जातो आणि माणसाला भेटणे राहून जाते.

टप्पा १: दिवस ठरवताना

नुसता सत्कार असेल तर १५ ऑगस्ट आणि २६ जानेवारी सोडून दुसरा दिवस घ्या. त्या दोन दिवशी ध्वजवंदन, मुलांच्या कवायती, बक्षिसे आणि पाहुण्यांची भाषणे यांत सैनिकाच्या वाट्याला चार मिनिटे येतात. त्याच्यासाठी वेगळे दिवस आहेत. २६ जुलै हा कारगिल विजय दिवस, ७ डिसेंबर हा सशस्त्र सेना ध्वजदिन, १६ डिसेंबर हा १९७१ च्या युद्धातला विजय दिवस. १४ जानेवारी हा सशस्त्र सेना माजी सैनिक दिन असतो. लष्कराचे पहिले भारतीय प्रमुख फील्ड मार्शल करिअप्पा १९५३ साली त्याच तारखेला निवृत्त झाले होते.

पण सोलापुरात १४ जानेवारीला कार्यक्रम ठेवू नका. सिद्धरामेश्वरांची यात्रा, नंदीध्वज, अक्षता सोहळा आणि गड्ड्याची जत्रा यांत अख्खे शहर गुंतलेले असते, आणि तुमचे सैनिकही सहकुटुंब तिकडेच असतात. जुलैची तारीख धरताना आधी पंचांग बघा. काही वर्षी आषाढी एकादशी नेमकी त्याच आठवड्यात येते आणि पंढरपूर, माळशिरस भागातल्या गावांत मग माणूस सापडत नाही. मला विचाराल तर १६ डिसेंबर सगळ्यांत सोयीचा. हवा थंड असते, वयस्क माणसांना मंडपात बसवते.

टप्पा २: सत्कार नेमका कोणाचा, ते ठरवा

"सैनिक" या एका शब्दाखाली आपण बऱ्याच जणांना एकत्र करतो. आदर सगळ्यांना सारखाच द्या, पण ओळख प्रत्येकाची खरी सांगा.

लष्कर, नौदल आणि हवाई दल ही तीन दले संरक्षण मंत्रालयाकडे येतात. त्यांतून निवृत्त झालेला तो माजी सैनिक. सीमा सुरक्षा दल आणि केंद्रीय राखीव पोलीस दल गृह मंत्रालयाकडे आहेत, तिथला निवृत्त जवान त्या दलाच्या नावाने ओळखला जावा. राज्य राखीव पोलीस बल हे राज्याचे पोलीस दल. त्याचा गट क्रमांक १० सोलापुरातच असल्यामुळे आपल्याकडे ही गल्लत फार होते. "लष्करात होते" असे हवाई दलातल्या माणसाबद्दल लिहिले तर तेही चूकच, कारण लष्कर म्हणजे भूदल.

दुसरी गल्लत "हुतात्मा" या शब्दाची. मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि कुर्बान हुसेन हे आपले चार हुतात्मे १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्याला फाशी गेले. ते स्वातंत्र्यलढ्यातले. सैनिकाच्या मानपत्रात त्यांचे स्मरण जरूर करा, पण "त्यांच्याप्रमाणेच आपणही" असे लिहू नका. समोर बसलेल्या जिवंत माणसाला ते वाक्य ऐकवत नाही.

तपासा: यादीत वीरपत्नी, वीरमाता, वीरपिता आहेत का? गावात त्यांचे घर असून नाव यादीत नसेल तर कार्यक्रम पुढे ढकला, पण नाव घाला.

टप्पा ३: घरी जा आणि ऐका

सगळ्यांत जास्त वेळ इथे द्या. फोनवर माहिती घेऊन भागत नाही, आणि मुलाकडून घेऊन तर नाहीच. मुलांना बापाच्या नोकरीतले फारसे ठाऊक नसते, कारण बाप वर्षातून एकदा सुट्टीवर येणारा पाहुणा होता.

जाताना दोघे जा. एकाने बोलायचे, दुसऱ्याने लिहायचे. दुपारी जेवणानंतर जाऊ नका, सकाळी किंवा दिवेलागणीच्या आधी जा. मोबाइलवर आवाज टिपायचा असेल तर आधी विचारा.

पहिला प्रश्न लढाईचा नको. "युद्धात होता का हो?" असे विचारले की दोनच उत्तरे येतात. एक तर "नाही", आणि त्यावर गप्पाच संपतात. नाहीतर माणूस एकदम बंद होतो, कारण जे पाहिले ते अनोळखी माणसाला चहाबरोबर सांगण्यासारखे नसते. त्यापेक्षा भरतीपासून सुरू करा:

- भरतीला घरून कसे गेलात, बरोबर कोण होते?
- ट्रेनिंग सेंटर कुठले? पहिल्या रात्री जेवायला काय मिळाले?
- युनिटमध्ये तुमचे काम काय होते? सकाळी उठल्यापासूनचा दिवस सांगा.
- सगळ्यांत लांबची पोस्टिंग कुठली? तिथून पत्र यायला किती दिवस लागायचे?
- तुमच्याबरोबरच्या कोणाचे नाव या कार्यक्रमात घ्यावे असे वाटते?

शेवटचा प्रश्न विसरू नका. बहुतेक वेळा खरी गोष्ट तिथेच निघते.

मोहोळ तालुक्यातल्या एका घरी मी गेले होते. आजोबा सत्तरी ओलांडलेले, आर्मी सर्व्हिस कोअरमध्ये, म्हणजे लष्कराला रेशन आणि सामान पोचवणाऱ्या शाखेत, ड्रायव्हर होते. तासभर एकच पालुपद: "मी काही नाही केलं बाई. गाडी चालवली." मग मी विचारले, गाडी कुठे चालवली? श्रीनगरहून जोझीला घाट चढून पुढे. थंडीत गाडी सुरू कशी व्हायची? तेव्हा ते पुढे सरकून बसले. रात्री मुक्कामाला पोचले की रेडिएटरचे पाणी सोडून द्यायचे, नाहीतर गोठून रेडिएटर फुटतो. पहाटे स्टोव्हवर पाणी तापवायचे, ते भरायचे, मग गाडीला किल्ली. "पाणी सोडायचं विसरला तर सकाळी गाडी बंद. गाडी बंद म्हणजे वरच्या पोरांचं रेशन बंद." बोलताना त्यांचा उजवा हात झाकण फिरवावे तसा हवेत फिरत होता. दाराशी उभ्या असलेल्या आजी म्हणाल्या, "हे मला आत्ताच कळतंय."

मानपत्रात मी तेवढेच घातले: रेडिएटर, स्टोव्ह, वरच्या पोरांचे रेशन. ते वाचले जात असताना मंडपातला एक निवृत्त एस.टी. चालक उभा राहिला आणि उभाच राहिला.

सावध राहा: सगळेच सीमेवर बंदूक घेऊन उभे नव्हते. सैन्यात स्वयंपाकी असतात, सिग्नलवाले, नर्सिंग असिस्टंट, वर्कशॉपमधले मेकॅनिक, कारकून असतात. त्यांच्या तोंडी "शत्रूला पाणी पाजले" घातले की त्यांना मेल्याहून मेल्यासारखे होते. त्यांनी जे काम केले तेच लिहा, ते पुरेसे मोठे आहे.

आणखी एक: मुलगा किंवा नातू अजून सेवेत असेल तर त्याचे सध्याचे ठिकाण, युनिट, सुट्टीच्या तारखा मानपत्रात नकोत, फ्लेक्सवर नकोत आणि व्हॉट्सॲपवर तर नकोतच.

टप्पा ४: कागदाशी ताडून बघा

हा टप्पा मी एकदा गाळला होता. माझ्या अगदी सुरुवातीच्या मानपत्रांपैकी एकात मी "सुभेदार" लिहिले. कार्यक्रम थाटात झाला, टाळ्या झाल्या. चार दिवसांनी ते गृहस्थ ती चौकट पिशवीत घालून माझ्या घरी आले. म्हणाले, "बाई, इथं कोपऱ्यात 'नायब' लिहून देता का? मी नायब सुभेदार होतो. भिंतीवर लावायचंय, पण खोटं कसं लावू?" मी पूर्ण मानपत्र नव्याने करून दिले. त्यानंतर डिस्चार्ज बुक, म्हणजे निवृत्तीच्या वेळी मिळणारे सेवेचे पुस्तक, बघितल्याशिवाय मी हुद्दा लिहीत नाही.

बघायचे कागद तीन: डिस्चार्ज बुक, पेन्शनचा आदेश म्हणजे पी.पी.ओ., आणि जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयाने दिलेले माजी सैनिकाचे ओळखपत्र. यांवर हुद्दा, कोअर किंवा रेजिमेंट, भरती आणि निवृत्तीची तारीख मिळते. बऱ्याच घरांत पलंगाखाली काळी किंवा हिरवी पत्र्याची ट्रंक असते, तिच्यावर पांढऱ्या रंगात नंबर, रँक आणि नाव रंगवलेले असते. ती बघायला छान वाटते, पण हुद्दा तिच्यावरून उतरवून घेऊ नका. ट्रंक रंगवली तेव्हा माणूस नाईक असतो आणि निवृत्त होताना हवालदार झालेला असतो.

हुद्द्यांची लष्करातली चढती भाजणी अशी: शिपाई, लान्स नाईक, नाईक, हवालदार, नायब सुभेदार, सुभेदार, सुभेदार मेजर. काहींना निवृत्तीच्या सुमारास मानद लेफ्टनंट किंवा मानद कॅप्टन हा हुद्दा मिळतो. तिथे "मानद" हा शब्द लिहायचाच. हवाई दलात सार्जंट, वॉरंट ऑफिसर, नौदलात पेटी ऑफिसर असे वेगळे हुद्दे असतात. लिहिण्याची रीत: हुद्दा आधी, मग नाव, आणि "(निवृत्त)" शेवटी. "निवृत्त हवालदार अमुक" असे लिहू नका. निवृत्त माणूस होतो, हुद्दा निवृत्त होत नाही.

रेजिमेंटचे नावही पूर्ण लिहा. आपल्या जिल्ह्यातला माणूस म्हणजे मराठा रेजिमेंटचाच असणार, असे धरून चालू नका. मराठा लाइट इन्फंट्रीचे ट्रेनिंग सेंटर बेळगावला, महार रेजिमेंटचे मध्य प्रदेशात सागरला, बॉम्बे सॅपर्सचे, म्हणजे लष्करातल्या इंजिनिअर दलाचे, खडकीला, तोफखान्याचे नाशिक रोडला. "ट्रेनिंग कुठं झालं?" या प्रश्नाच्या उत्तरावरूनच बरेचसे समजते. रणगर्जना घालायची असेल तर ती त्याच रेजिमेंटची हवी. मराठा लाइट इन्फंट्रीची "बोल श्री छत्रपती शिवाजी महाराज की जय", महार रेजिमेंटची "बोलो हिंदुस्तान की जय". एकाची दुसऱ्याला लावली तर सभागृहातले सगळे फौजी एकमेकांकडे बघतात.

आता पदके. छातीवर सहा पदके दिसली की निवेदक "शौर्यासाठी सहा पदके" असे सांगून मोकळा होतो. बहुतेक पदके सेवेची असतात: ठरावीक वर्षे नोकरी केल्याची, एखाद्या भागात किंवा मोहिमेत असल्याची, स्वातंत्र्याच्या पन्नासाव्या वर्षी सेवेत असल्याची. ९ वर्षांच्या आणि २० वर्षांच्या सेवेसाठीही पदक मिळते. शौर्याची पदके वेगळी. युद्धकाळातली परमवीर चक्र, महावीर चक्र, वीर चक्र. शांतताकाळातली अशोक चक्र, कीर्ती चक्र, शौर्य चक्र. सेना पदक शौर्यासाठी मिळते आणि विशेष सेवेसाठीही मिळते, तेव्हा कशासाठी मिळाले ते विचारून घ्या. सेवेच्या पदकाला सेवेचे पदक म्हणा. त्यात कमीपणा नाही. सियाचिन ग्लेशियरचे पदक आहे एवढे साधेपणाने सांगितले तरी जाणत्याला काय ते कळते.

तपासा, साध्या वजाबाकीने: १९७१ चे युद्ध ३ ते १६ डिसेंबर असे चालले. भरतीची तारीख १९७३ ची असेल तर "७१ च्या युद्धात सहभाग" येतो कुठून? कारगिलची लढाई १९९९ च्या मे ते जुलैमधली. १९९८ ला पेन्शनीवर आलेल्या माणसाला तिथे नेऊन बसवू नका. अशा चुका तो माणूस स्वतः कधी करत नाही, आपण हौसेने करतो.

सावध राहा: पी.पी.ओ. क्रमांक, सेवा क्रमांक, बँकेचा तपशील यांतले काहीही मानपत्रावर छापू नका आणि त्या कागदांचे फोटो गटावर टाकू नका. पेन्शनरांना फसवणाऱ्यांना एवढेच पुरते.

टप्पा ५: आता लिहा

तीनशे शब्द, त्याहून जास्त नाही. सावकाश वाचले तर तीनेक मिनिटे लागतात. मानपत्र थेट त्या व्यक्तीशी बोलते, म्हणून "आपण" वापरा आणि शेवटपर्यंत तेच ठेवा. मध्येच "त्यांनी" येऊ देऊ नका.

मी चार भागांत लिहिते. पहिल्या भागात गाव आणि भरती. दुसऱ्यात काम, तेही एका प्रसंगातून. तिसऱ्यात घर, म्हणजे ते नसताना घर कोणी सांभाळले. चौथ्यात निवृत्तीनंतरचे गाव आणि आपले आभार. तिसरा भाग बहुतेक मानपत्रांत नसतो, आणि मला तो सगळ्यांत महत्त्वाचा वाटतो. एकटीने शेत पाहणारी, सासऱ्याचे आजारपण काढणारी, मुलाच्या शाळेच्या दाखल्यावर सही करायला धावणारी बाई त्याच मंडपात बसलेली असते.

नमुना म्हणून दुसरा आणि तिसरा भाग:

"आपण कोअरमध्ये असताना पुढच्या चौक्यांवर रेशन पोचवण्याची जबाबदारी आपल्या गाडीवर होती. घाटात रात्री पाणी गोठे, म्हणून आपण रोज रेडिएटर रिकामा करत असा आणि पहाटे स्टोव्हवर पाणी तापवून पुन्हा भरत असा. आपली गाडी वेळेवर निघाली म्हणून वरच्या जवानांना वेळेवर जेवण मिळाले. त्या जवानांची नावे आम्हांला माहीत नाहीत, पण त्यांच्या वतीनेही आम्ही आज आपले आभार मानतो.

त्या वर्षांत इकडे विहिरीची मोटर, दोन मुलांची शाळा आणि वडिलांचे दवाखान्याचे हेलपाटे हे सारे आपल्या पत्नीने निभावले. या मानपत्रावर त्यांचाही तितकाच हक्क आहे."

लिहून झाले की लाल पेन घ्या आणि हे शब्द शोधा: "प्राणांची बाजी", "डोळ्यांत तेल घालून", "तमा न बाळगता", "रक्ताचे पाणी", "अतुलनीय". यांतला एखादा शब्द त्या माणसाच्या बाबतीत अक्षरशः खरा असेल तर ठेवा, बाकीचे काढा. मग आणखी एक परीक्षा: नाव झाकून मजकूर वाचा. गावातल्या दुसऱ्या फौजीलाही तो चालत असेल तर टप्पा तीनकडे परत जा.

भाषेचाही विचार करा. अक्कलकोट आणि दक्षिण सोलापूर भागात कितीतरी घरांची बोली कन्नड आहे, शहराच्या पूर्व भागात तेलुगू आहे. मानपत्र मराठीतच असू द्या, पण आईला किंवा पत्नीला कळतील अशी दोन-तीन वाक्ये त्यांच्या भाषेत नात्यातल्या कोणाकडून बोलून घ्या. कागदावरून वाचू नका, पाठ करून त्यांच्याकडे बघून बोला.

टप्पा ६: छापण्याआधी वाचून दाखवा

त्यांच्या घरी जाऊन, त्यांना, मोठ्याने. वेळ नाही असे म्हणू नका, अर्धा तास लागतो. तीन गोष्टी विचारा: चुकीचे काय आहे, नको काय आहे, राहिले काय आहे. "नको" म्हणाले तर कारण विचारू नका, ते वाक्य काढा. एकदा एका हवालदारांनी सोबत्याच्या मृत्यूची दोन वाक्ये काढायला लावली आणि म्हणाले, फक्त नाव राहू द्या. आम्ही फक्त नाव ठेवले.

नावाचे स्पेलिंग, म्हणजे ऱ्हस्व-दीर्घ आणि वडिलांचे नाव, त्यांच्याच हाताने लिहून घ्या. २०२३ मध्ये "मेरी माटी मेरा देश" मोहिमेत गावोगावी वीरांच्या नावांचे शिलाफलक बसले. त्यावर नाव आहे म्हणून तसेच उतरवू नका. दगडावरही चूक असू शकते.

टप्पा ७: जे गेले त्यांच्यासाठी लिहिताना

इथे घाई अजिबात चालत नाही.

आधी हे स्पष्ट करून घ्या की निधन कसे झाले. लढाईत किंवा दहशतवाद्यांशी चकमकीत, सेवेत असताना अपघाताने वा आजाराने, की निवृत्तीनंतर घरी. तिन्हींचे शब्द वेगळे. पहिल्यासाठी "वीरगती" किंवा "वीरमरण". दुसऱ्यासाठी "कर्तव्यावर असताना निधन". तिसऱ्यासाठी नुसते "दिवंगत". अपघाताला चकमक करू नका. कुटुंबाला खरे माहीत असते आणि चारचौघांत खोटे ऐकून गप्प बसावे लागते, ते फार जड जाते. संरक्षण मंत्रालयाच्या कागदोपत्री "शहीद" असा दर्जा नाही, म्हणून छापील मजकुरात मी तो शब्द टाळते. पण आई स्वतः "माझा पोरगा शहीद झाला" म्हणत असेल तर तिच्याशी बोलताना तिचाच शब्द वापरावा. "कै." सगळ्या धर्मांच्या घरांत रुचत नाही, "दिवंगत" चालते.

वीरगती प्राप्त झालेल्यांची नावे दिल्लीच्या राष्ट्रीय युद्ध स्मारकात दगडावर कोरलेली आहेत, आणि स्मारकाच्या संकेतस्थळावर नाव शोधता येते. हुद्दा आणि युनिट तिथून ताडून घ्या. नाव सापडले तर त्या पानाची छापील प्रत घरच्यांना नेऊन द्या. दिल्लीला जाणे सगळ्यांना जमत नाही.

लिहिताना मृत्यूवर कमी आणि माणसावर जास्त लिहा. तो कबड्डीत कुठल्या बाजूला खेळायचा, सुट्टीवर आला की आधी कोणाच्या घरी जायचा, पत्रात शेवटी काय लिहायचा. गोळी कुठे लागली, देह कसा आला, हे मंचावरून सांगायचे नाही.

आता एक गोष्ट जरा सविस्तर सांगते, कारण ती मी डोळ्यांनी पाहिली. मंचावर पाच बायका बसल्या होत्या. एक मुलगी हळदी-कुंकवाचे ताट घेऊन ओळीने निघाली. चौथ्या खुर्चीवर वीरपत्नी होती. मुलगी क्षणभर थांबली, तिला ओलांडून पाचवीकडे गेली. ती बाई आधीच थोडी मागे सरकली होती. तिला सवय होती. ज्या कार्यक्रमाला आपण तिच्या सन्मानाचे नाव दिले होते, तिथेच हे घडले. कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने मे २०२२ मध्ये विधवा प्रथांविरुद्ध ठराव केला, तो राज्यभर गाजला, तरी मंडपात हात अडखळतोच. उपाय दोनच. आधी घरी जाऊन त्यांना विचारा की कुंकू, ओटी, औक्षण चालेल का. "हो" म्हणाल्या तर पहिला मान त्यांना द्या. "नको" म्हणाल्या तर मंचावर कोणालाच लावू नका, सगळ्यांना फूल द्या. कोणाला ओलांडून पुढे जायची वेळ येऊ देऊ नका. फोटोला हार किंवा दिवा लावायचा का, हेही घरच्यांना विचारूनच ठरवा. काही घरांत ती रीत नसते.

टप्पा ८: कार्यक्रमाचा दिवस

इथल्या चुका ठरलेल्या आहेत, म्हणून थोडक्यात.

वीरमाता, वीरपिता, वीरपत्नी आधी, मग वयाने मोठे माजी सैनिक. हुद्द्याने रांग लावू नका. शाल, श्रीफळ, फेटा किंवा आपल्याकडची टॉवेल-टोपी, जे काही असेल ते पाहुण्याने खुर्चीपाशी जाऊन द्यावे. १९७१ च्या युद्धातला माणूस आज सत्तरीच्या पुढे आहे, त्याला पायऱ्या चढायला लावू नका. नारळाऐवजी सोलापुरी चादर दिली तर घरात वापरली तरी जाते.

गणवेशात या, असा आग्रह धरू नका. निवृत्तीनंतर गणवेशावर बंधने असतात. कोट आणि पदके घालायची की नाही, त्यांचे त्यांना ठरवू द्या.

राष्ट्रध्वज टेबलावर अंथरू नका, फोटोच्या चौकटीभोवती गुंडाळू नका, त्यावर काही लिहू नका. सजावटीला तिरंगी रंगाच्या कापडाच्या पट्ट्या पुरेत.

मौन दोन मिनिटांचे असेल तर घड्याळ लावून दोन मिनिटेच पाळा. बहुतेक ठिकाणी पस्तीस सेकंदांत संपते. सुरू होताना आणि संपताना काय म्हणायचे ते एका माणसाकडे सोपवा. त्या वेळी स्पीकरवर गाणे नको आणि फोटोग्राफरनेही उभे राहायचे.

मानपत्र वाचणारा माणूस आणि सूत्रसंचालक वेगळे ठेवा. वाचणाऱ्याने आदल्या दिवशी तीनदा मोठ्याने वाचलेले असावे. रेजिमेंटची आणि ठिकाणांची नावे अडखळत वाचली तर सगळ्या मेहनतीवर पाणी पडते. त्याला वाचू द्या श्रोत्यांकडे नव्हे, त्या माणसाकडे बघून.

"चार शब्द बोला" म्हणून माईक अचानक तोंडापुढे धरू नका, वीरमातेपुढे तर कधीच नाही. बोलणार का, ते आदल्या दिवशी विचारून ठेवा. बोलणार असतील तर पाहुण्यांच्या भाषणाआधी त्यांना संधी द्या, तेव्हा मंडप भरलेला असतो.

टप्पा ९: कार्यक्रम झाल्यावर

मानपत्राची एक चौकट घरच्यांना दिलेली असतेच. त्याशिवाय दोन साध्या प्रती काढा: एक गावच्या शाळेला, एक ग्रामपंचायतीच्या दप्तराला. घरी टिपलेला आवाज असेल तर पेन ड्राइव्हवर घालून मुलांकडे द्या आणि तुमच्याकडची प्रत त्यांना विचारल्याशिवाय कुठे टाकू नका.

आठवड्याभरात पुन्हा एकदा घरी जा, या वेळी वही न घेता. मोहोळच्या त्या आजोबांकडे मी गेले तेव्हा मानपत्र भिंतीवर लागले होते आणि त्याखालच्या खुर्चीवर शेजारच्या गावचे आणखी एक फौजी बसले होते. सिग्नलमध्ये होते म्हणे. मी आत येताच आजोबा त्यांना म्हणाले, "ह्या बाई. यांना ते वायरचं सांग."